खालची कवळी

घराखालची कवळ्यांची लॅब रविवारी बंद असायची. पण त्या रविवारी सकाळीच दिवे लागले होते आणि सगळं घर खाली, कामाच्या लांबलचक टेबलाभोवती जमलं होतं. वर बैठकीची खोली होती, सोफा होता, पंखाही बरा होता, तरी सासरे म्हणाले, "दातांचा विषय आहे ना? मग दातांच्या जागीच बोलू." आपल्या मैदानावर खेळायचं, हा त्यांचा जुना डाव. टेबलावर मेणाचे तुकडे, विझलेला बर्नर, कोपऱ्यात पॉलिशची मोटर आणि मागच्या फळ्यांवर प्लास्टरचे जबडे, पांढरेफटक, ओळीने. अशा जागी त्यांच्याशी वाद घालायचा म्हणजे एवढ्या सगळ्या साक्षीदारांसमोर घालायचा.

धाकटी सून ठकीला मांडीवर घेऊन दाराजवळच्या स्टुलावर टेकली. दाराजवळ अशासाठी, की मुलगी रडली तर उठून जाता यावं. आणि मुलगी नाही रडली तरीही उठून जाता यावं. नवरा फिरतीच्या नोकरीवर, त्यामुळे तिच्या बाजूने बोलणारं कोणी नव्हतं. आणि हे सगळं प्रकरण सुरू केलं होतं ते तिच्याच लेकीने.

बुधवारी एक निवृत्त हेडमास्तर बायकोला घेऊन लॅबला लागूनच असलेल्या दुकानात आले होते. नवी कवळी करून घ्यायची होती, पण मन घट्ट होत नव्हतं. सासऱ्यांनी नेहमीप्रमाणे हुकमाचं पान काढलं. "ही बघा, आमची सौभाग्यवती. वरची, खालची, दोन्ही माझ्या हातच्या. इतकी वर्षं वापरतेय. विचारा तिलाच!" सासूबाईंनी ठकीला कडेवर सावरलं आणि नेहमीचं हसू हसल्या. ते हसू सगळ्या गल्लीच्या ओळखीचं होतं. दुकानाची पाटी गंजली तरी चाललं असतं, ते हसू पुरेसं होतं. आणि नेमकी तेव्हाच ठकीने त्या हसऱ्या तोंडात हात घातला, खालची कवळी अलगद उचलली आणि खुळखुळ्यासारखी हलवून दाखवली. वर ती स्वतःच्या तोंडात घालायला निघाली. सुनेने झेप घेऊन हिसकावली नसती तर घातलीच असती.

हेडमास्तर क्षणभर बघत राहिले, मग म्हणाले, "वा. सुटसुटीत आहे."

विचार करून सांगतो म्हणून गेले, ते गेलेच.

त्या दिवसापासून सासरे जेवताना कोणाशी बोलत नव्हते. सासूबाई हसताना तोंडावर पदर नेत होत्या. आणि नणंद, जिचा दोन रस्ते पलीकडे स्वतःचा दवाखाना होता, ती आज लॅपटॉप काखेत मारून आली होती. आईला गुपचूप नेऊन तिने स्कॅन करून घेतला होता. 'गुपचूप' हा शब्द सासऱ्यांनी आल्या आल्या दोनदा उच्चारला होता.

"हे बघा बाबा." नणंदेने पडदा त्यांच्याकडे वळवला. "हे आईचं खालचं हाड. इथे डोंगर असायला हवा. आहे का? माळरान झालंय. दात गेले की हाडाला काम उरत नाही, ते झिजत जातं. कवळी बसणार कशावर? अजून थोडी वर्षं अशीच काढली तर इम्प्लांटला धरायलाही हाड उरणार नाही."

"म्हणजे ते स्क्रू."

"हो, टायटॅनियमचे. दाताच्या मुळाच्या जागी बसवायचे. हाड त्यांना धरतं, काही महिन्यांत एकजीव होतं. असे चार बसवायचे, मग त्यावर पक्के दात."

"भिंतीत खुंटी ठोकतात तसं."

"तसंच समजा."

"भिंतीला कोणी विचारलंय का?" सासूबाई म्हणाल्या. पण त्या हळू बोलल्या, आणि सासऱ्यांचं त्यांच्याकडे लक्ष नव्हतं.

थोरले भाऊजी टेबलाच्या दुसऱ्या टोकाला उभे होते. लॅब आता तेच चालवत होते. वडील बोलायचे आणि ते करायचे, अशी वाटणी होती. "डॉक्टरीणबाई," ते बहिणीला म्हणाले, "तुझं शास्त्र बरोबर असेल. पण उद्या बाजारात काय बोभाटा होईल? कवळीवाल्याच्या बायकोला कवळी सोसली नाही! आपण काय तोंड दाखवायचं लोकांना?"

"तोंड आईचं आहे, दादा. दाखवायचं कुठे ते तिला ठरवू दे."

"तू दवाखान्यात बसून बोलतेस. दुकानात मी बसतो."

"माझ्या दवाखान्याचं निम्मं काम तुझ्याच लॅबमध्ये येतं, विसरू नकोस."

"पुरे," सासरे म्हणाले. आवाज चढला नाही; त्यांचा चढत नसेच. "कवळी सैल झाली असेल तर मी दुसरी करतो. चार दिवसांचं काम. त्यात स्क्रू कशाला आणि हाड कशाला? आजवर तिची एक तक्रार नाही. आहे का गं?"

सासूबाईंनी मान हलवली. ती हो म्हणून हलली की नाही म्हणून, हे ज्याने त्याने आपापल्या सोयीने ठरवलं.

सून ठकीच्या पाठीवर थोपटत होती आणि डोळे सासूबाईंच्या गालावर होते. गेले कित्येक महिने ती हेच बघत आली होती. सासूबाई बिस्किट चहात बुडवून खातात. ब्रेडची कड सोलून बाजूला ठेवतात. सफरचंद सगळ्यांना चिरून देतात आणि आपण म्हणतात, मला नाही आवडत. बोलता बोलता एकदम थांबतात, जीभ आत काहीतरी जागेवर ढकलते, मग पुढचं वाक्य. लग्न होऊन आल्यावर पहिल्यांदा तिला वाटलं होतं, सासूबाई फार मोजकं बोलतात. बाई शिकलेल्या नसल्या तरी विचार करून बोलतात, असं तिने माहेरी सांगितलंही होतं.

"आणि तिला जबड्याचं माप देण्याचा त्रास," सासरे पुढे म्हणाले. त्यांचा स्वर मऊ झाला. "मसाल्याचा ट्रे तोंडात गेला की उमळून येतं, डोळ्यांतून पाणी वाहतं. पहिल्या वेळी इतकी घाबरली होती, की मी ठरवून टाकलं, पुन्हा नाही. तिचं तोंड मला पाठ आहे. झोपेत उठवून सांगा, करून देतो."

भाऊजी एकदम फळीकडे वळले आणि तिथली एक बाटली उगाचच सरळ करू लागले.

सुनेच्या ते ध्यानात आलं. तिला ठकीची झबली आठवली, एका महिन्यात आखूड होणारी. तिने विचारायचं नाही असं ठरवलं, आणि ठरवता ठरवता विचारलं.

"बाबा, मग आईंचं शेवटचं माप कधी घेतलं होतं?"

 ठकीने एक टाळी वाजवली.

"सूनबाई, मी आत्ता काय सांगितलं? पाठ आहे."

"म्हणजे पहिल्याच साच्यावर?" नणंदेने लॅपटॉपवरून मान वर केली. "बाबा, सगळ्या कवळ्या? त्याच एका साच्यावर? गिऱ्हाईक महिन्यापूर्वी येऊन गेलं असलं तरी तुम्ही त्याचं पुन्हा माप घेतल्याशिवाय सोडत नाही!"

"गिऱ्हाईक आणि ती एक आहेत का?"

"दादा, तुला माहीत होतं?"

भाऊजी बाटलीशी बोलल्यासारखे म्हणाले, "जुना साचा फळीवरून मीच काढून द्यायचो. बाबांना काय विचारणार? त्यांच्या बायकोचं तोंड."

सासरे उठले. अंगावरचा शर्ट झटकला, खुंटीवरचा ॲप्रन गळ्यात घातला. "घेऊ या माप. आत्ताच्या आत्ता. मग बघू, कोण म्हणतंय माझी कवळी बसत नाही. बस गं खुर्चीत."

सुनेला वाटलं, सासूबाई नको म्हणतील. त्या निमूट उठल्या, वरची-खालची दोन्ही कवळ्या काढून वाटीत ठेवल्या आणि खुर्चीत जाऊन बसल्या. सासऱ्यांनी मसाला घोटला, ट्रेमध्ये भरला, आणि त्यांच्या हनुवटीला बोट लावून म्हणाले, "नाकाने श्वास घे. माझ्याकडे बघ." खुर्चीच्या हातांवर सासूबाईंच्या मुठी आवळल्या, खांदे एकदा उसळले. नणंद पुढे झाली, तर त्यांनी हातानेच तिला थांबवलं. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण नजर नवऱ्यावरून हलली नाही. मसाला घट्ट झाला, ट्रे निघाला. त्यांनी तोंड पुसलं आणि बोळक्या तोंडानेच म्हणाल्या, "झालं. एवढंच तर होतं."

प्लास्टर ओतून ते वाळेपर्यंत करण्यासारखं काही नव्हतं. सासूबाई चहा टाकायला म्हणून वर गेल्या. सून ठकीला घेऊन मागोमाग गेली.

"आई, चुकलं का माझं? मी तोंड उघडायला नको होतं."

"घरात कोणीतरी उघडायला हवंच होतं." सासूबाईंनी पातेलं ठेवलं. कवळ्या अजून घातल्या नव्हत्या. शब्द थोडे पसरट येत होते, पण थांबत नव्हते. "मला त्या कवळीचं दुःख नाही गं. खायला मऊ मिळतं, माणूस जगतं. पण भांडता येत नाही! भांडण रंगात आलं की जीभ कवळी धरून बसते. मी ती जागेवर बसवेपर्यंत तुझे सासरे जिंकून, हात धुऊन, पेपर वाचायला बसलेले असतात."

सून हसली आणि हसता हसता तिचे डोळे भरून आले. हल्ली तिचं असंच व्हायचं.

"तू का रडतेस? दात माझे गेलेत."

"मला भीती वाटते आई. मी सगळं वाचून काढलंय. सूज येते, ओठ बधिर होऊ शकतो, एखादा स्क्रू धरतच नाही. आणि तुमची साखर."

"तू ठकीला ताप आला तरी सगळं वाचून काढतेस. वाच. घरात वाचणारं एक असावं." त्यांनी कपांत साखर घातली, आपल्या कपात नाही घातली. "पण भीती वाटली म्हणून तू तिला डोस द्यायची थांबलीस का? नाही ना? मग झालं तर."

चहा घेऊन दोघी खाली आल्या तेव्हा साचा निघाला होता. सासऱ्यांनी तो तळहातावर घेतला होता आणि चष्मा कपाळावर सरकवून बघत होते. जुना साचा शेजारी होता. जुन्यावर हिरडीचा ठसठशीत उंचवटा, नदीच्या बांधासारखा. नव्यावर पुसट रेघ.

"हे तिचं नाही," ते म्हणाले.

"तुम्हीच घेतलंत माप," सासूबाई म्हणाल्या.

त्यांनी वाटीतली खालची कवळी उचलली, नव्या साच्यावर ठेवली आणि बोट टेकवलं. कवळी एका बाजूला झुकली. दुसरीकडे टेकवलं, तिकडे झुकली. त्यांनी पुन्हा पुन्हा तेच केलं. डुगडुग, डुगडुग, एवढाच आवाज खोलीत होता. भाऊजींनी मान खाली घातली.

"मग ही तोंडात राहते कशी?" सासऱ्यांनी विचारलं. कोणावर रागावून नाही. कारागिराला पडावा तसा तो प्रश्न होता.

सासूबाई सुनेकडे बघत होत्या. सांगू नको असं त्या नजरेत नव्हतं.

"पेस्टने," सून म्हणाली. "कवळी चिकटवायची ट्यूब मिळते. रोज लावतात. मी आणून देते, लांबच्या मेडिकलमधून. इथल्या दुकानात त्यांना सगळे ओळखतात ना. ठकीच्या औषधांच्या पिशवीत घालून आणते."

"आई!" नणंद म्हणाली. "मला सांगायचं नाही?"

"डॉक्टरला सांगितलं की घरभर होतं."

"बुधवारी लावली नव्हती का मग?"

"संपली होती. ही विसरली."

"ठकीला दात येत होते, आई. डोळ्याला डोळा लागत नव्हता," सून पुटपुटली. भाऊजींना हसू आवरलं नाही. मग नणंद हसली. सासरे हसले नाहीत. त्यांनी ॲप्रनच्या कडेने चष्मा पुसला, डोळ्यांवर ठेवला, आणि आता ते धंद्याच्या आवाजात बोलले.

"ठीक आहे. माझं चुकलं, पुढचं बोला. दोन स्क्रू घाला पुढच्या बाजूला. त्यावर मी नव्या मापाची कवळी करतो. खाली बटणं बसवायची, टक् करून लागते, हलत नाही. करतात तशी हल्ली. मी दुसऱ्यांसाठी केलीय."

खोलीत एकदम हवा खेळली. नणंद म्हणाली, हे तर उत्तम, काम छोटं, जखम कमी, साखरेच्या माणसाला सोयीचं. भाऊजी तर टेबलावर थाप मारून म्हणाले, "बघा! इम्प्लांट डॉक्टरीणबाईंचे, कवळी बाबांची. आईला पुन्हा काउंटरवर उभं करू, ठकीला म्हणू, ओढ आता!" सुनेलाही हलकं वाटलं. दोन म्हणजे चारपेक्षा कमी. कमी म्हणजे कमी भीती. तिने मनातल्या मनात पथ्याचं वेळापत्रकही लावायला घेतलं.

"नको," सासूबाई म्हणाल्या.

"काय नको?"

"बटणाची नको. मला पक्के दात हवेत. न निघणारे. त्या दिवशी स्कॅन काढताना हिने सांगितलं होतं, चार स्क्रूवर बसतात म्हणून."

"अगं पण आई, ती कवळीही हलणार नाही. फक्त रात्री काढून धुवायची."

"तेच." सासूबाईंनी कप खाली ठेवला. "मला काढायची नाही. ती पेल्यात असते ना, तेव्हा मी या घरात नसते. कोणी हाक मारली तर ओ देत नाही. पाहुणा अवेळी आला तर मोरीत जाऊन उभी राहते. ही पोर पहाटे उठते, मला बघून हात पसरते, आणि मी आधी पेला शोधते, मग नात. तुम्ही सगळे मिळून मला दुसरा पेला देताय. चांगला आहे, नवीन आहे. मला नको."

इतकं सलग त्या या टेबलाभोवती कधी बोलल्या नव्हत्या. सासऱ्यांनी भाऊजींकडे बघितलं, भाऊजींनी नणंदेकडे, आणि नणंद, जी सकाळी आईसाठी भांडायला आली होती, ती आता वडिलांच्या बाजूला जाऊन बसल्यासारखी बोलू लागली. "आई, वयाचा विचार कर. चार म्हणजे काम मोठं. मी करणार नाही ते, माझे सर करतील, आईवर माझा हात चालायचा नाही. दोनात भागत असेल तर..."

सासूबाईंची जीभ सवयीने कवळी धरायला गेली असावी. पण कवळी वाटीत होती, म्हणून त्या नुसत्याच थांबल्या. आणि त्यांनी सुनेकडे बघितलंही नाही. कोणाची मदत मागायची त्यांना सवयच नव्हती.

 सुनेने ठकीला या मांडीवरून त्या मांडीवर घेतलं.

"ताई, खरं सांगा. चार घातले तर धोका दुप्पट होतो?"

नणंदेने स्कॅनकडे एकदा बघितलं. खोटं बोलणं तिच्या स्वभावात नव्हतं. "नाही. दुप्पट नाही. वेळ जास्त लागतो. हाड आहे ते पुढेच, मोठी नस मागे राहते. तीन महिन्यांची साखर आटोक्यात हवी, ती दोनलाही हवीच."

"आणि एखादा धरला नाही तर?"

"काढायचा, थांबायचं, पुन्हा घालायचा."

"चारात असलं तरी तेच, दोनात असलं तरी तेच?"

"दोनातला एक गेला तर उलट निम्माच आधार गेला."

"मग दोन हे आपल्याला बरं वाटावं म्हणून आहेत," सून म्हणाली.  "आईंसाठी नाहीत. मला पण बरं वाटलं होतं आत्ता. साखरेचं, औषधांचं, मऊ जेवणाचं मी बघते. तसंही एकीला भरवतेच आहे. पण आई म्हणतात तेच करू."

भाऊजींनी आईकडे बघितलं, मग हातातला चहा एका दमात संपवला. "बाजारात विचारलं तर काय सांगायचं?"

"सांग," सासूबाई म्हणाल्या, "की कवळीवाल्याच्या बायकोने हट्ट केला. त्यांना पटेल."

"मला पटलं," भाऊजी म्हणाले आणि टेबलाचं टोक सोडून आईच्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले. नणंदेने हात वर केले. "ठीक. चार. खालचे जमले की वरचेही तसेच. पण साखर मी स्वतः तपासणार, आणि ट्यूब आणणारीनेच आता तपासणीच्या पट्ट्या आणायच्या."

राहिले सासरे. ते नवा साचा अजून हातात धरूनच होते. अंगठा त्या पुसट रेघेवरून इकडून तिकडे फिरत होता, डोळे मिटले होते. जणू पाठ केलेलं सगळं पुसून पुन्हा पहिल्यापासून शिकत होते.

"न निघणारे म्हणजे," ते अखेर म्हणाले, "मला काढून घासता येणार नाहीत. एकदा बसवले की बसवले. चूक करायला वाव नाही."

"नाही," सासूबाई म्हणाल्या.

"दात मीच करणार."

"करा की. पण वीस वर्षांच्या मुलीचे करू नका. मी आजी आहे. आणि हसू कसं हवं ते मी सांगेन, तुम्ही नाही."

सासऱ्यांनी एक स्टूल ओढलं आणि सासूबाईंच्या समोर, गुडघ्याला गुडघा लागेल इतकं जवळ घेतलं. साचा मांडीवर ठेवला, शिसपेन्सिल कानामागून काढली. दुकानात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाला ते ज्या आवाजात विचारत, तोच आवाज त्यांनी लावला. आणि लग्नानंतर इतक्या वर्षांत पहिल्यांदाच बायकोला अहोजाहो केलं.

"बोला बाई. कुठे कुठे टोचतं?"

सासूबाईंनी पदर तोंडाकडे नेला नाही. त्या खुर्चीत जरा मागे रेलल्या, पाय सैल सोडले, आणि बोळक्या तोंडाने ऐसपैस हसल्या.

"सगळं सांगू? की अलीकडचं?"

"सगळं."

"मग सूनबाई, चहा पुन्हा ठेव," त्या म्हणाल्या. "हे आता लवकर आटपायचं नाही."